एक पुडा बांधून होईपर्यंत



पूर्वी चित्रपटगृहात मुख्य चित्रपटाआधी सरकारी माहितीपट दाखवणे सक्तीचे होते. १९४८ साली स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे ते माहितीपट. पडद्यावर धरण दिसे, कारखाना दिसे आणि मागून एक भारदस्त आवाज सगळे समजावून सांगे. तेवढ्यात अनेक प्रेक्षक बाहेर जाऊन बिडी ओढून येत.

पण याच संस्थेसाठी काही जणांनी वेगळे प्रयोगही केले. एस. एन. एस. शास्त्री यांनी १९६७ मध्ये 'आय अ‍ॅम ट्वेंटी' केला. स्वातंत्र्याच्या वर्षी जन्मलेल्या तरुणांना त्यांनी बोलते केले आणि आपण ऐकत राहिले. प्रमोद पती यांच्या 'ट्रिप'मध्ये (१९७०) मुंबईचे रोजचे जगणे भरधाव पळते. मणि कौल यांच्या 'अरायव्हल'मध्ये (१९८०) मुंबईत येऊन पडणारा माल आणि कामासाठी येणारी माणसे एकाच नजरेने पाहिली आहेत.

आता आपल्या राजुऱ्याकडे या. हा मुलूख पडद्यावर दिसतो तो वाघाच्या नाहीतर कोळशाच्या निमित्ताने. पलीकडे गडचिरोलीत, नक्षलवादाच्या. उन्हाळ्यातला तेंदूपत्ता दाखवलाच, तर 'यातून मजुरांना रोजगार मिळतो' या एका वाक्यात तो उरकतो. त्या प्रेक्षकांची बिडी ज्या पानात वळलेली असते, तेच हे पान.

आता कॅमेरा प्रत्येकाच्या खिशात आहे. मग हा प्रयोग करून पाहा. पाने तोडून आणलेल्या घरी जा, घरच्यांची परवानगी घ्या, मोबाईल एका जागी ठेवा आणि एक पुडा बांधून होईपर्यंत हलवू नका. ७० पाने निवडायची, मोजायची, जुळवायची आणि सालीच्या दोरीने बांधायची. पानांची सळसळ, मधूनच चाललेले बोलणे, सारे तसेच राहू द्या. मागून निवेदन नको, संगीतही नको.

फळीवर मजुरी ठरते ती शंभर पुड्यांच्या हिशेबाने. एका पुड्यामागे किती वेळ जातो, हे त्या हिशेबात कुठेच लिहिलेले नसते. न कापलेल्या दृश्यात मात्र तो वेळ पाहणाऱ्यालाही बसून काढावा लागतो. एवढ्यासाठीच हा खटाटोप.

आणि चित्रफीत तयार झाली की ती आधी त्याच अंगणात दाखवा. काय राहून गेले, ते तिथली माणसेच सांगतील.