मंडळी सोडल्यानंतरचा पीटर ग्रीन

नांवारूपास आलेली मंडळी सोडून एखादा कलावंत बाहेर पडला, कीं आपण लागलीच दोन प्रश्न विचारतों. भांडण कशावरून झालें, आणि आतां हा स्वतःची मंडळी केव्हां काढणार ? नाटकाच्या धंद्यांत आपल्या वाडवडिलांनीं हें पुष्कळदां पाहिलें आहे, आणि पाश्चात्त्यांच्या रॉक संगीतांतहि रीत तीच आहे. परंतु आज ज्या इंग्रज गिटारवादकाविषयीं मी आपणांशीं बोलणार आहें, त्याच्या बाबतींत पहिल्या प्रश्नाचें उत्तर सरळ नाहीं, आणि दुसऱ्याचें उत्तर मिळावयास सव्वीस वर्षें लागलीं. त्याचें नांव पीटर ग्रीन. १९७० सालच्या मे महिन्यांत, अवघा तेवीस वर्षांचा असतां, आपणच काढलेला आणि ऐन भरांत असलेला "फ्लीटवुड मॅक" हा बँड सोडून तो निघून गेला.

श्रोतेहो, या बँडचें नांव आपल्यापैकीं कित्येकांनीं ऐकलें असेल, तें बहुधा दुसऱ्याच कारणानें. त्याची "रूमर्स" ही १९७७ सालची ध्वनिमुद्रिका जगभर कोट्यवधि प्रतींनीं खपली. तींत ग्रीनचा एकहि स्वर नाहीं. त्या वेळीं जुन्यांपैकीं दोघेच उरले होते : ड्रम वाजविणारा मिक फ्लीटवुड आणि बास गिटार वाजविणारा जॉन मॅकव्ही. गंमत अशी, कीं बँडचें नांवहि या दोघांवरूनच पडलेलें, आणि १९६७ सालीं तें ठेवलें ग्रीननें. स्वतः पुढारी, गाणारा, गीतें रचणारा. पण पाटीवर नांवें घातलीं तीं साथीदारांचीं. पुढें वेष्टनांवर आणि जाहिरातींत इतरांनीं त्याचें नांव आधीं जोडलें, ती गोष्ट निराळी.

ग्रीनचा जन्म २९ ऑक्टोबर १९४६ रोजीं पूर्व लंडनमधील बेथनल ग्रीन या वस्तींत एका ज्यू कुटुंबांत झाला. मूळचें आडनांव ग्रीनबॉम. १९६६ सालीं जॉन मेयॉल याच्या "ब्लूजब्रेकर्स" या मंडळींत एरिक क्लॅप्टन याच्या जागीं त्याची नेमणूक झाली. क्लॅप्टनचा लौकिक त्या वेळीं असा होता, कीं त्याच्या जागीं उभें राहणें म्हणजे भरल्या मैफलींत उस्तादांच्या पाठोपाठ गावयास बसण्यासारखेंच होतें. ग्रीन बसला, आणि लोक उठून गेले नाहींत.

त्याच्या वादनाविषयीं दोन शब्द सांगितले पाहिजेत, कारण ते समजल्यावांचून पुढची कथा नुसती करुण वाटेल. ब्लूज हें अमेरिकेच्या दक्षिण भागांतील कृष्णवर्णीयांचें गाणें. त्यांत गिटारची तार बोटानें आडवी ओढून स्वर चढवितात. आपल्या मींडेशीं या क्रियेचें दूरचें नातें आहे. तरुण वादकांना या वाद्यावर धांवण्याचा मोह फार. ग्रीन धांवत नसे. "द सुपरनॅचरल" नांवाची त्याची १९६७ सालची वाद्यरचना आहे, तींत तो एक स्वर लावतो आणि त्या स्वरावर इतका वेळ थांबतो, कीं ऐकणाराचा श्वास अडखळावा. आपल्याकडे ज्याला ठहराव म्हणतात तो या इंग्रज मुलाला विसाव्या वर्षीं कोठून आला, हें मला अजून उलगडलेलें नाहीं. त्याच्या गिटारमध्येंहि एक विशेष होता. तारांचें कंपन टिपणारीं दोन चुंबकीय यंत्रें तिच्यांत असतात. त्यांपैकीं एकाचें चुंबक उलट बसलेलें होतें. दोन्ही यंत्रें एकदम चालू केलीं म्हणजे ध्वनि भरदार होण्याऐवजीं पातळ आणि किंचित् नाकांतला होई. दोष खरा, पण तोच पुढें त्याची ओळख ठरला.

यशाची हकीकत मी थोडक्यांत सांगतों. १९६८ सालीं त्यानें "ब्लॅक मॅजिक वूमन" हें गीत रचलें. दोन वर्षांनीं कार्लोस सांताना यानें तें आपल्या ढंगानें वाजवून अमेरिकाभर गाजविलें, इतकें कीं मूळ कर्ता कोण हें लोक विसरून गेले. "अल्बाट्रॉस" ही शब्दांवांचूनची, समुद्रावर पंख पसरून तरंगणाऱ्या पक्ष्यासारखी संथ रचना १९६९ च्या आरंभीं इंग्लंडांत खपाच्या यादींत पहिल्या क्रमांकावर गेली. त्याच वर्षीं "मॅन ऑफ द वर्ल्ड" आणि "ओ वेल" हीं दोन्ही दुसऱ्या क्रमांकापर्यंत चढलीं. पैशाचा ओघ सुरू झाला.

आणि येथेंच त्याचें मन बिथरलें. बिथरलें म्हणावें कीं जागें झालें म्हणावें, हाच माझ्या मतें सगळ्या कथेंतला वादाचा मुद्दा आहे. तो पांढरा झगा आणि गळ्यांत क्रूस घालून रंगभूमीवर येऊं लागला. गरजेपुरतें ठेवून मिळकत दानधर्माला द्यावी, असें तो सोबत्यांना विनवूं लागला. सोबती वाईट नव्हते. परंतु तेहि विशीतलेच होते, नुकते कोठें चार पैसे दिसूं लागलेले. त्यांनीं मान डोलावली नाहीं. तेव्हां त्यानें "द ग्रीन मनालिशी" हें भयाण गीत लिहिलें. एका स्वप्नांतून तें सुचलें, आणि त्यांतला हिरवा राक्षस म्हणजे पैसा, असें तो स्वतःच सांगत असे. हें गीत १९७० सालच्या मे महिन्यांत बाजारांत आलें, आणि त्याच महिन्यांत गीतकार बँडमधून गेला.

या जाण्याविषयीं एक कथा रूढ झालेली आहे. १९७० च्या मार्च महिन्यांत म्यूनिक शहराजवळ कांहीं श्रीमंत तरुणांच्या वस्तींत त्याला एल्. एस्. डी. हें मन भ्रमित करणारें रसायन देण्यांत आलें, आणि त्या एका रात्रींत मुलगा हातचा गेला, असें त्याचे सोबती आणि व्यवस्थापक नेहमीं सांगत आले. ग्रीनची आठवण निराळी होती. त्या रात्रीं आपलें वादन फार चांगलें झालें, असें तो म्हणे. तें रसायन त्यानें त्यापूर्वींहि घेतलेलें होतें. त्यानें त्याचें मोठें नुकसान केलें असेल, याविषयीं मला शंका नाहीं. पण मिळकत वांटून टाकण्याचा विचार त्याच्या मनांत म्यूनिकच्या आधींपासून घोळत होता. एका माणसाला पैशाचा भार वाटूं लागला, एवढ्यासाठीं त्याला वेडा ठरविण्याची घाई कां ? उलट, पुढें जो आजार आला त्यालाच वैराग्याचा मुलामा देणारे भाविकहि मीं पाहिले आहेत. तेहि चुकतात. विवेक खरा होता, आणि आजारहि खरा होता. दोन्ही एकाच माणसाच्या वांट्याला आले, आणि एकाची सीमा कोठें संपली व दुसऱ्याची कोठें सुरू झाली हें त्यालाहि सांगतां आलें नसतें.

बाहेर पडल्यावर त्यानें १९७० सालींच "द एंड ऑफ द गेम" ही ध्वनिमुद्रिका काढली. लांबलचक उत्स्फूर्त वादनांतून कापून काढलेले हे तुकडे. त्यांत गाणें नाहीं, शब्द नाहीं, बैठकहि नाहीं. मला ती आवडत नाहीं. १९७१ च्या फेब्रुवारींत "फ्लीटवुड मॅक"चा दुसरा गिटारवादक जेरेमी स्पेन्सर अमेरिकेच्या दौऱ्यांतच एका धर्मपंथांत निघून गेला, तेव्हां ग्रीन विमानानें तेथें गेला आणि अडलेला दौरा त्यानें पार पाडून दिला. पण राहिला नाहीं. (तिसरा गिटारवादक डॅनी कर्वन यालाहि पुढें दारूनें आणि मनाच्या विकारानें ग्रासलें. एकाच मंडळीचे तीन गिटारवादक असे जावेत, हा योग विलक्षण.) त्यानंतर त्यानें कबरी खणण्याचें काम केलें, रुग्णालयांत हरकाम्या म्हणून राबला. ज्या गिटारची मघाशीं गोष्ट सांगितली ती त्यानें गॅरी मूर नांवाच्या तरुण आयरिश वादकाला अगदीं किरकोळ किंमतीला देऊन टाकली.

मग रुग्णालयें आलीं. स्किझोफ्रेनिया, म्हणजे आपण ज्याला छिन्नमनस्कता म्हणतों, असें निदान झालें. विजेचे झटके देण्यांत आले. १९७७ सालीं आपल्या हिशेबनिसाला बंदुकीची धमकी दिल्यावरून त्याला अटक झाली. आपल्याला येणारी रक्कम पाठवूं नये म्हणून त्यानें ही धमकी दिली, असें लोक मोठ्या चवीनें सांगतात. तपशील मात्र जितकीं तोंडें तितके निघतात. तुरुंगांतून तो पुन्हां मनोरुग्णालयांत गेला. तें साल लक्षांत ठेवावें. त्याच साली "रूमर्स" घरोघर वाजत होती.

१९७९ सालीं "इन द स्काइज" या ध्वनिमुद्रिकेनें तो परत आला. तींत मुख्य गिटारचें पुष्कळसें काम स्नोई व्हाइट या दुसऱ्या वादकानें केलें होतें. पुढच्या कांहीं वर्षांत आणखी चार-पांच ध्वनिमुद्रिका निघाल्या, त्यांतलीं बरींच गीतें त्याच्या भावानें लिहिलेलीं. आणि मग जवळजवळ दहा वर्षें शांतता. या काळांत त्याच्या बोटांचीं नखें अशीं वाढलीं होतीं, कीं तार दाबणेंच शक्य नव्हतें. वादकानें नखें वाढूं देणें म्हणजे वाद्याला कुलूप लावून किल्ली फेंकून देणेंच होय.

ती किल्ली पुन्हां सांपडली १९९६ च्या सुमारास. नायजेल वॉटसन हा जुना मित्र गिटार घेऊन त्याच्याजवळ बसूं लागला, आणि पन्नाशीला टेकलेल्या या माणसानें पुन्हां पहिल्यापासून बोटें फिरवावयास सुरुवात केली. यांतून "स्प्लिंटर ग्रुप" ही मंडळी उभी राहिली. पहिल्या कार्यक्रमांना जे श्रोते आले ते "अल्बाट्रॉस" ऐकावयास आले होते. त्यांना दिसला एक स्थूल, अबोल, टोपी घातलेला गृहस्थ. कठीण जागा तो वॉटसनकडे सोपवी आणि स्वतः कधीं कधीं नुसताच उभा राही. "काय होता आणि काय झाला !" असे उद्गार निघाले, आणि ते खोटे होते असें मी म्हणणार नाहीं. मीहि या काळांतलें त्याचें ध्वनिमुद्रण प्रथम ऐकलें तेव्हां अर्ध्यावर बंद केलें होतें.

माझें मत बदललें तें रॉबर्ट जॉन्सनच्या गीतांमुळें. हा जॉन्सन मिसिसिपीचा ब्लूज गायक, १९३८ सालीं अवघ्या सत्ताविसाव्या वर्षीं वारला. त्याच्या मागें उरलीं तीं १९३६ आणि १९३७ या दोन सालांत ध्वनिमुद्रित झालेलीं एकोणतीस गीतें. ग्रीन आणि वॉटसन यांनीं १९९८ सालीं "द रॉबर्ट जॉन्सन सॉंगबुक" आणि २००० सालीं "हॉट फूट पावडर" अशा दोन ध्वनिमुद्रिकांत हीं सर्व गीतें गाऊन काढलीं. दुसरींत बडी गाय, ओटिस रश, ह्यूबर्ट सम्लिन यांच्यासारखे अमेरिकेंतले बुजुर्ग त्याच्या साथीला आले. ज्यांचें वाजविणें ऐकून तो पोरवयांत शिकला, तेच आतां त्याच्या शेजारीं बसले होते.

या गायनांत पूर्वीचा आवाज नाहीं. तो खोल गेला आहे, कडांना झिजला आहे. जॉन्सन तिशी न पाहतां मेला. त्याचीं गीतें एरव्हीं तरुणच गातात, आणि त्यांतल्या भीतीचा अभिनय करतात. ग्रीनला अभिनयाची गरज उरलेली नव्हती. तो प्रत्येक ओळ अशी म्हणतो, जणूं ती पूर्वीं कोणी म्हटलेलीच नाहीं, आणि गिटारवर दोन स्वर ठेवून थांबतो. तोच ठहराव. फरक इतकाच, कीं विसाव्या वर्षीं तो हवें तितकें धांवूं शकत असून थांबत होता, आणि आतां धांवतां येत नव्हतें. ऐकणाऱ्याला हा फरक किती जाणवावा, याचा निर्णय ज्याचा त्यानें करावा. मला तो फारसा जाणवत नाहीं.

१९९८ च्या जानेवारींत "फ्लीटवुड मॅक"चा अमेरिकेंत मोठा सन्मान झाला. रॉक संगीताच्या मान्यवरांच्या दालनांत त्यांचीं नांवें दाखल झालीं. ग्रीन गेला. पण त्या रात्रीं तो आपल्या जुन्या मंडळीबरोबर वाजवावयास उभा राहिला नाहीं. त्याच समारंभांत सन्मानित झालेल्या सांतानाबरोबर "ब्लॅक मॅजिक वूमन" वाजवून तो परत आला. मूळ कर्त्याला आपलें गीत गाजविणाराच्या शेजारीं उभें राहतांना पाहून तेथें जमलेल्यांपैकीं कितीजणांना जुनी हकीकत आठवली असेल ?

"स्प्लिंटर ग्रुप" २००४ सालीं संपला. औषधांनीं गुंगी येते, मन लागत नाहीं, अशी त्याची तक्रार असे. २००९ सालीं मित्रांना घेऊन तो पुन्हां थोडे दिवस दौऱ्यावर निघाला. तेंहि लौकरच थांबलें. पुढें टेम्स नदीच्या मुखाशीं असलेल्या कॅनव्ही बेटावर तो शांतपणें राहिला.

त्याची ती गिटार मात्र फिरत राहिली. गॅरी मूरनें ती तीस-बत्तीस वर्षें वाजविली, १९९५ सालीं "ब्लूज फॉर ग्रीनी" ही संबंध ध्वनिमुद्रिका गुरुदक्षिणा म्हणून अर्पण केली, आणि शेवटीं २००६ सालीं ती विकली. २०१४ सालीं ती "मेटॅलिका" या बँडच्या कर्क हॅमेट याच्याकडे आली. २५ फेब्रुवारी २०२० रोजीं लंडनच्या पॅलेडियम नाट्यगृहांत मिक फ्लीटवुडनें आपल्या जुन्या पुढाऱ्याच्या सन्मानार्थ मोठी मैफल भरविली. डेव्हिड गिलमर, पीट टाउनशेंड यांच्यासारखी बडी मंडळी आली. हॅमेटनें तीच गिटार आणली आणि तिच्यावर "द ग्रीन मनालिशी" वाजविलें. ग्रीन आला नाहीं. बरोबर पांच महिन्यांनीं, २५ जुलै २०२० रोजीं, झोपेंतच त्याचें निधन झालें. तो त्र्याहत्तर वर्षांचा होता.

या भाषणांत तबकड्या वाजविण्याची सोय नाहीं, म्हणून एक विनंति करून थांबतों. आपणांपैकीं कोणाला ग्रीन ऐकावासा वाटला, तर "अल्बाट्रॉस" आधीं लावूं नये. रॉबर्ट जॉन्सनचीं गीतें आधीं ऐकावीं, रात्रीं, दिवा मंद करून, आणि मग मागें जावें.