काळ्या-पांढऱ्यातलं कुंकू
(व्याख्यानमालेतील व्याख्यान, दांडी)

'कुंकू' हा प्रभात फिल्म कंपनीचा १९३७ चा चित्रपट. नावातच लाल रंग, आणि पडद्यावर लाल कुठेच नाही. शांता आपटे यांच्या कपाळावर दिसतो तो नुसता गडद ठिपका. तरी तो कुणाला काळा वाटत नाही. निम्मं श्रेय प्रेक्षकाचं, निम्मं कॅमेऱ्यामागच्या माणसाचं. त्याचं नाव व्ही. अवधूत.

दिग्दर्शक व्ही. शांतारामांचं नाव सगळ्यांना ठाऊक असतं, दामले-फत्तेलालही जुन्या माणसांना आठवतात. अवधूत मात्र श्रेयनामावलीतून सरकून जातात.

प्रभातचा कॅमेरा आधी केशवराव धायबर यांच्याकडे होता, 'अमृतमंथन' त्यांचा. १९३६ साली 'संत तुकाराम' आला, तो अवधूतांनी टिपला. त्याचे दिग्दर्शक दामले-फत्तेलाल यांना भडकपणाचं वावडं. तुकाराम झालेल्या विष्णुपंत पागनीस यांचा चेहरा, घर, बायको-पोरं, सारं असं साधं उजळलेलं की दिवे लावलेत हे जाणवू नये. हा चित्रपट १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात वाखाणला गेला. मग त्याच वर्षी तोच छायालेखक शांतारामांच्या 'कुंकू'त शिरतो आणि सगळं पालटतं. नायिकेच्या म्हाताऱ्या नवऱ्याचं ते जुनं घड्याळ, तो आरसा, कोंदट घरातल्या सावल्या! हा नवरा, केशवराव दाते यांचा काका, या अंधारातच खरा भेटतो. पार्श्वसंगीत नाही, म्हणून भाव पोचवण्याची जबाबदारी उजेडावर जास्त. एकाच छायालेखकाला ही दोन टोकं जमली. अवधूतांचं मोठेपण इथेच आहे, आणि दुर्लक्षही बहुधा यामुळेच झालं. ज्याची एक ठरावीक शैली नसते, त्याला लोक चटकन ओळखत नाहीत.

'कुंकू'ची हिंदी आवृत्ती 'दुनिया न माने', 'माणूस'ची 'आदमी', 'शेजारी'ची 'पडोसी'. म्हणजे प्रसंग दोनदा उभा करायचा, दिवे दोनदा सांभाळायचे. तेव्हाच्या फिल्मला प्रकाश भरपूर लागे, दिव्यांच्या उष्णतेनं नट घामाघूम होत. काय टिपलं गेलं ते धुलाईनंतरच कळायचं. लाल, हिरवा, निळा यांतून कुठला करडा उतरेल, हे छायालेखकानं आधीच मनाशी पाहायचं. दांडीत बोंबील वाळत घालणाऱ्या बायकांना हा हिशेब पटेल. त्याही आभाळ बघून आधीच ठरवतात, आज ऊन टिकणार की नाही.

पुढे शांतारामांनी १९४२ साली मुंबईत राजकमल ही स्वतःची चित्रसंस्था काढली. 'शकुंतला' (१९४३) आणि सोलापूरच्या डॉक्टरांवरचा 'डॉ. कोटणीस की अमर कहानी' (१९४६), दोन्हींचा कॅमेरा अवधूतांचाच. संस्थाही बदलली, शहरही बदललं, छायालेखक तोच राहिला. एवढा विश्वास उगाच कुणी टाकत नाही.

रंगाचा प्रयोग प्रभातनं 'सैरंध्री'त (१९३३) करून पाहिला होता. प्रती जर्मनीत तयार झाल्या, पण रंग फसले. नंतर बराच काळ शांतारामांचे चित्रपट कृष्णधवलच राहिले. १९५५ साली 'झनक झनक पायल बाजे' आला आणि शांतारामांच्या पडद्यावर लाल खरोखर लाल दिसला. त्या चित्रपटाचं छायालेखन जी. बालकृष्ण यांचं होतं.