रोझवुडची साक्ष



अमेरिकेत फ्लोरिडा राज्यात रोझवुड नावाचं कृष्णवर्णीयांचं एक गाव होतं. १ जानेवारी १९२३ रोजी शेजारच्या समनरमधल्या एका गोऱ्या बाईनं, कृष्णवर्णीय माणसानं आपल्याला मारहाण केली, असा आरोप केला. जमाव चालून आला. आठवडाभरात गाव जाळून टाकलं गेलं. ऐन थंडीत बायकामुलं दलदलीच्या रानात लपली. त्यांतल्या अनेकांना पुढे रेल्वेनं बाहेर काढलं. सरकारी नोंदीत मृत आठ: सहा कृष्णवर्णीय, दोन गोरे. बळी याहून अधिक होते, असं वाचलेली माणसं सांगत राहिली. ग्रँड ज्युरी बसली, पण खटला कुणावरच चालला नाही.

वाचलेले पुन्हा गावी परतले नाहीत. भीतीपोटी कितीतरी घरांत हा विषय मुलांपुढेही निघत नसे. १९८२ मध्ये गॅरी मूर या पत्रकारानं ही हकिगत वर्तमानपत्रात आणली. बालपणी हे सारं पाहिलेल्या मिनी ली लँग्ली यांनी म्हातारपणी फ्लोरिडाच्या विधिमंडळापुढे साक्ष दिली. १९९४ मध्ये राज्यानं भरपाईचा कायदा केला आणि हयात असलेल्यांना प्रत्येकी दीड लाख डॉलर दिले.

त्यानंतर, १९९७ मध्ये, जॉन सिंगलटन यांचा ‘रोझवुड’ हा चित्रपट आला. सिनेमावर हे जुनं ऋण होतं. १९१५ च्या ‘द बर्थ ऑफ अ नेशन’ या मूकपटानं कू क्लक्स क्लॅन या गोऱ्या वर्चस्ववादी संघटनेला नायक ठरवलं आणि त्याच वर्षी ती संघटना नव्यानं उभी राहिली. ज्या पडद्यानं द्वेष पसरवला, त्याच पडद्यावर सिंगलटन यांनी जळणारं गाव दाखवलं.

पण त्यांनी घोड्यावरून येणारा मॅन नावाचा एक शूर सैनिकही दाखवला. तो काल्पनिक आहे. खऱ्या रोझवुडमध्ये सारा कॅरियर या आजी स्वतःच्या घरात गोळी लागून गेल्या आणि त्यांचा मुलगा सिल्व्हेस्टर हल्लेखोरांशी लढला. हे धैर्य पुरेसं होतं. त्याला उसन्या वीराची गरज नव्हती.

म्हणून माझं सांगणं एवढंच: हा चित्रपट जरूर पाहा, पण तिथे थांबू नका. वाचलेल्यांच्या साक्षी वाचा. सरकारला अन्याय कबूल करायला लावला तो त्यांनीच, चित्रपट येण्याच्या तीन वर्षं आधी.