मूल सज्ञान झाल्यावर

(मंडळाच्या वर्धापनदिनी झालेले भाषण)



मी सातवी शिकलेली, घरसंसार करणारी बाई. कायद्यावर बोलावे एवढी माझी विद्या नाही. परंतु हा कायदा आपल्या उंबऱ्याच्या आत येणारा आहे, म्हणून चार शब्द बोलते.

कोणी माणसाला बेकायदा अडकवून ठेवले, तर त्याच्या आईबापांना, नवऱ्याला, मित्रालाही हायकोर्टात अर्ज करता येतो. त्याला हेबिअस कॉर्पस म्हणतात. अडकवणारे सरकार असो की घरचे कोणी असो, ‘त्या माणसाला आमच्यापुढे हजर करा,’ असा हुकूम कोर्ट काढते. राज्यघटनेच्या २२६व्या कलमाने हायकोर्टाला हा अधिकार दिला आहे. आपल्या उलव्याचा अर्ज मुंबईच्या हायकोर्टात जातो.

मुलगी घर सोडून गेली की आई याच अर्जासाठी धावते. मुलगी अठराच्या आतली असेल, तर तिला फूस लावून नेणे हा गुन्हा आहे. पण अठरा पूर्ण झाली असतील, तर न्यायाधीश तिलाच विचारतात, “बाळ, तुला कुठे जायचे आहे?” तिने स्वखुशीने सांगितले, की तिला कोणी अडवायचे नाही.

डिसेंबर २०२४ मधली मुंबईची गोष्ट सांगते. एकोणीस वर्षांच्या एका मुलीला चेंबूरच्या सरकारी महिलागृहात ठेवले होते. तिला ज्याच्याबरोबर राहायचे होते, तो मुलगा दुसऱ्या धर्माचा आणि वीस वर्षांचा. मुलाच्या लग्नाला एकवीस वर्षे लागतात, म्हणजे लग्नही होण्यासारखे नव्हते. त्या मुलाने हायकोर्टात अर्ज केला. न्यायमूर्ती भारती डांगरे आणि न्यायमूर्ती मंजुषा देशपांडे, दोघी बायकाच, त्या मुलीशी बोलल्या. तिचे म्हणणे ठाम होते. तिला मोकळे करण्याचा हुकूम झाला.

२०१८ साली सुप्रीम कोर्टात केरळातली एक आई गेली होती. तिची सज्ञान मुलगी कुवेतला वडिलांपाशी राहून शिकत होती. कोर्टाने मुलीचेच ऐकले. आईची माया किंवा बापाचा मानीपणा पाहून कोर्टाने पालक होऊन बसायचे नाही, असे सांगितले.

आईच्या काळजाला हे लागते. मलाही लागते. पण भगिनींनो, आपल्या मुली बामणडोंगरी, खारकोपरहून गाडी पकडून कामाला जातात. पगार घरी आणताना ती मोठी आणि मनातले सांगताना लहान, हे कसे?

आणखी एक. उद्या आपल्या लेकीला सासरी कोंडून ठेवले, तर आपणही हाच अर्ज करू. सासरच्या कुलपावर जो कायदा चालावा असे आपल्याला वाटते, तो माहेरच्या कुलपावर चालू नये, असे कोणत्या तोंडाने म्हणावे?

म्हणून माझी विनंती एवढीच, की जो प्रश्न कोर्ट विचारणार, तो आपण आधी घरात विचारावा, आणि उत्तर आवडले नाही तरी तिच्यासाठी दार उघडे ठेवावे. चुकले तर लेकीला परत यायला जागा हवी.