शब्दाने घडविलेली तबकडी

(व्याख्यानाचे शब्दांकन)



‘उडती तबकडी’ आकाशातून अवतरली नाही. ती वृत्तपत्रांच्या मथळ्यांत जन्मली. २४ जून १९४७ रोजी केनेथ अर्नोल्ड हा अमेरिकी व्यावसायिक आपल्या लहान विमानातून वॉशिंग्टन राज्यातील माउंट रेनियर शिखराजवळून जात होता. त्याला नऊ चकाकत्या वस्तू वेगाने जाताना दिसल्या. दोन पर्वतांमधील अंतर आणि लागलेला वेळ यांवरून त्याने तो वेग ताशी १,२०० मैलांहून अधिक ठरविला. चक येगरच्या विमानाने ध्वनीचा वेग ओलांडला, तो त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात!

पाण्यावर फेकलेली बशी जशी टप्पे घेत जाते तशा त्या वस्तू जात होत्या, ही उपमा आपण गतीसाठी वापरली होती, असे अर्नोल्डने पुढे स्पष्ट केले. वृत्तपत्रांनी मात्र ती आकाराला चिकटविली आणि काही आठवड्यांतच शेकडो लोकांना तबकड्या दिसू लागल्या.

८ जुलैला न्यू मेक्सिकोतील रॉसवेलच्या लष्करी विमानतळाने ‘तबकडी हाती लागली’ असे जाहीर केले. लगोलग खुलासा आला, की तो हवामानाचा फुगा आहे. सोव्हिएत अणुचाचण्यांचा कानोसा घेणाऱ्या ‘मोगल’ या गुप्त प्रकल्पाचे ते अवशेष होते, हे हवाई दलाने सांगितले ते १९९४ मध्ये. मधल्या ४७ वर्षांत दंतकथेचा वटवृक्ष झाला होता.

या गुप्ततेच्या सावटात एका वैमानिकाचा बळीही गेला. ७ जानेवारी १९४८ रोजी केंटकीच्या आकाशात एका अज्ञात वस्तूचा पाठलाग करताना पंचवीस वर्षांचा कॅप्टन थॉमस मँटेल प्राणवायूची सोय नसताना २०,००० फुटांपलीकडे चढला. विमान कोसळून तो मृत्युमुखी पडला. त्याने पाहिला तो शुक्र, असे प्रथम सांगण्यात आले. तो बहुधा नौदलाचा गुप्त ‘स्कायहूक’ फुगा असावा, हा निष्कर्ष पुढचा.

अमेरिकी हवाई दलाची चौकशी १९६९ मध्ये संपली. १२,६१८ नोंदींपैकी ७०१ अनुत्तरित राहिल्या. परंतु ‘अज्ञात’ म्हणजे ‘परग्रहावरील’ नव्हे; अज्ञात म्हणजे केवळ अज्ञात.

राष्ट्राच्या संरक्षणासाठी काही गोष्टींवर मौन आवश्यकच असते. पण मौन वेगळे आणि चुकीचे उत्तर वेगळे. मौनाने कुतूहल वाढते; चुकीच्या उत्तराने विश्वास ढळतो. आणि एकदा विश्वास ढळला, की शासन पुढे खरे बोलले तरी समाज अफवेलाच प्रमाण मानतो. या इतिहासाचा बोध आहे तो हाच.