पडद्यावरील मुंबई

१८९६ सालच्या जुलै महिन्याच्या ७ तारखेस मुंबईच्या वॉटसन हॉटेलांत लूमिएर बंधूंचीं चालतीं चित्रें प्रथम दाखविण्यांत आलीं. पुढें १९१३ सालीं दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ गिरगांवांतील कॉरोनेशन सिनेमागृहांत लागला. मुंबईनें चित्रपट वाढविला, हें सर्वांस ठाऊक आहे. परंतु चित्रपटानेंहि मुंबई घडविली, हें सहसा ध्यानांत येत नाहीं.

ज्यानें मुंबई कधीं पाहिली नाहीं, त्याच्याहि मनांत ती असते. आणि ती बहुधा पडद्यावरून आलेली असते. १९५५ च्या ‘श्री ४२०’ मधील राजू अलाहाबादेहून येतो, तो पदपथावर निजतो, आणि सचोटी कीं संपत्ति या पेंचांत सांपडतो. १९७५ च्या ‘दीवार’ मधील मुलगा, आईनें जिच्या बांधकामावर विटा वाहिल्या, तीच इमारत गैरमार्गाच्या पैशानें विकत घेतो. अशा कथांनीं मुंबई म्हणजे मोहाची व साहसाची नगरी, ही समजूत खेडोपाडीं पोंचविली. ती अगदींच खोटी नव्हे. पण अपुरी खास आहे.

कारण या चित्रांत रस्ता, समुद्र आणि गुन्हेगार पुष्कळ दिसतात. राहण्याची खोली क्वचितच दिसते. मुंबईकराचा जन्मभराचा घोर मात्र त्या खोलीचाच! राजा ठाकूर यांच्या १९७० च्या ‘मुंबईचा जावई’ मध्यें चाळींतील नवविवाहित जोडप्यास एकांत मिळत नाहीं. प्रेक्षक हंसतो, पण त्या हंसण्यांत त्याची स्वतःची अडचण असते. १९७७ च्या ‘घरोंदा’ त घरासाठीं पैपैनें जमविलेली पुंजी बुडते. २०१० च्या ‘लालबाग परळ’ नें १९८२ च्या संपानंतर विस्कटलेलें गिरणगांवांतील कुटुंब दाखविलें. आणि पायल कपाडिया यांच्या ज्या चित्रपटास २०२४ सालीं कान महोत्सवांत ‘ग्रां प्री’ पारितोषिक लाभलें, त्यांत रुग्णालयांत स्वयंपाक करणारी पार्वती कागदपत्रांअभावीं राहती जागा सोडून कोंकणांत परतते.

आज गिरण्यांच्या जागीं उंच मनोरे उभे आहेत. तेथें पूर्वीं कोण राहत होतें, याची साक्ष पुढील पिढीस अशाच चित्रांतून मिळेल. म्हणून त्यांचें मोल करमणुकीहून अधिक आहे. पडद्यावरील मुंबई पाहून निघालेल्या तरुणानें समुद्र अवश्य पाहावा. मात्र गाडींत बसण्यापूर्वीं खोलीची चौकशी करावी.