पाच गावांची एक शाळा

गेली काही वर्षे आपल्याकडे शाळांच्या विलीनीकरणाचा प्रश्न पुनःपुन्हा डोके वर काढीत आहे. मध्य प्रदेशात २०१८ पासून ‘एक परिसर, एक शाळा’ या धोरणाखाली एकाच आवारातील निरनिराळ्या शाळा एका छत्राखाली आणण्यात आल्या. महाराष्ट्रात सप्टेंबर २०२३ मध्ये, वीसपेक्षा कमी पट असलेल्या शाळांच्या जागी ‘समूह शाळा’ उभारण्याची कल्पना शासनाने पुढे मांडली. त्या वेळी अशा शाळा १४,७८३ होत्या आणि त्यांतून सुमारे १ लाख ८५ हजार मुले शिकत होती. पट घसरल्यामुळे बंद पडलेल्या सरकारी मराठी प्राथमिक शाळांविषयी गोव्यातील श्रोत्यांना मी वेगळे काय सांगावे?

हा मार्ग आपल्या फार पूर्वी, आणि फार मोठ्या प्रमाणावर, अमेरिकेने चोखाळला. १९३० च्या सुमारास त्या देशात एकशिक्षकी शाळा १ लाख ४९ हजार होत्या. १९७० मध्ये त्या दोन हजारही उरल्या नव्हत्या. एवढे स्थित्यंतर एका पिढीच्या डोळ्यांदेखत घडले. आज मी सांगणार आहे ती हकिकत त्या प्रचंड आकड्यातील एका लहानशा शाळेची. आयोवा राज्यातील कॉनराड या गावी हे हायस्कूल आहे. त्याचे नाव बी.सी.एल.यू.डब्ल्यू. हे काही कुणा देणगीदाराचे वा थोर पुरुषाचे नाव नव्हे. बीमन, कॉनराड, लिस्कम, युनियन आणि व्हिटन या पाच गावांची ही आद्याक्षरे आहेत. सर्वांत मोठे कॉनराड, तेही हजार-अकराशे वस्तीचे. व्हिटनमध्ये दीडशे माणसेही राहत नाहीत. ही पाच गावे तीन निरनिराळ्या परगण्यांत विखुरलेली आहेत, हेही ध्यानात असावे.

प्रथम तेथील व्यवस्था थोडी समजून घेतली पाहिजे. अमेरिकेत ‘शाळा-जिल्हा’ म्हणजे आपल्या महसुली जिल्ह्यासारखी गोष्ट नव्हे. ती एक लहानशी स्वायत्त संस्था असते. तिला लोकनियुक्त मंडळ असते, घरजमिनीवर कर बसविण्याचा अधिकार असतो, शिक्षक नेमण्याचा व काढण्याचा अधिकार असतो. म्हणून दोन शाळा-जिल्हे एक होतात तेव्हा केवळ दोन पट एकत्र येत नाहीत, दोन तिजोऱ्या आणि दोन सत्ता एकत्र येतात. वाद होतो तो बहुधा येथेच.

आयोवाची भूमी सपाट, काळी, मक्याच्या पिकाची. सरकारी मोजणीदारांनी ती सहा मैल लांब व सहा मैल रुंद अशा चौकोनांत आखून दिली होती. अशा एका चौकोनात साधारणतः दोन-दोन मैलांवर एक याप्रमाणे नऊ शाळा बसविल्या जात. हेतू हा की, कोणत्याही मुलाला दीड-दोन मैलांहून अधिक पायपीट पडू नये. हिशेब मोठा साधा आणि न्यायाचा होता. विसाव्या शतकाच्या आरंभी एकट्या आयोवात अशा एकखोली शाळा बारा हजारांहून अधिक होत्या. पाच वर्षांच्या पोरापासून मिसरूड फुटलेल्या मुलापर्यंत सारे एका खोलीत, मध्ये शेगडी, आणि शिकविणारी बहुधा विशीच्या आतबाहेरची तरुणी. रात्री त्याच खोलीत सभा भरे, निवडणुकीचे मतदानही होई. शाळेच्या खर्चासाठी मुली घरून जेवणाचे डबे सजवून आणीत आणि त्यांचा लिलाव पुकारला जाई. ज्याने डबा घ्यावा त्याने तिच्याशेजारी बसून जेवावे, असा रिवाज होता. त्या लिलावात किंमत डब्याची चढे की डबा आणणारीची, हे श्रोत्यांनीच ठरवावे!

ही खोली गेली कशामुळे? सुधारकांचा आक्षेप होता की, एक शिक्षिका आठ इयत्ता सांभाळते तेव्हा प्रत्येक मुलाच्या वाट्याला दिवसाकाठी काही मिनिटेच येतात. हे खरे होते. शहरातील मुलाला प्रयोगशाळा मिळे, शेतकऱ्याच्या मुलाला ती पाहावयासही मिळत नसे, हेही खरे होते. आयोवातील बफेलो सेंटर येथे १८९५ मध्येच राज्यातील पहिली एकत्रित शाळा निघाली होती. परंतु वसंत ऋतूत बर्फ वितळले की आयोवाचे रस्ते चिखलाचे होत आणि मुलांना नेणारी घोड्यांची गाडी त्यात रुतून बसे. विलीनीकरणाला खरा वेग आला तो खडीच्या रस्त्यांमुळे व मोटारीमुळे. एप्रिल १९३९ मध्ये न्यू यॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात फ्रँक सायर नावाच्या प्राध्यापकांनी शाळांच्या मोटारींविषयी एक परिषद भरविली. मोटारीची लांबी, छताची उंची, मधल्या वाटेची रुंदी अशी ४४ मानके तेथे ठरली आणि पिवळा रंगही तेथेच ठरला, कारण पहाटेच्या अंधुक उजेडात पिवळ्यावरची काळी अक्षरे चटकन दिसतात. ग्रामीण शिक्षणाचा नकाशा बदलण्यात कित्येक शिक्षणशास्त्रज्ञांपेक्षा या पिवळ्या मोटारीचा वाटा मोठा आहे, असे माझे मत आहे.

यानंतर १९५९ मध्ये हार्वर्डचे माजी अध्यक्ष जेम्स कोनंट यांनी अमेरिकन हायस्कुलांविषयी आपला प्रसिद्ध अहवाल लिहिला. ज्या हायस्कुलाच्या शेवटच्या वर्गात शंभर मुले नाहीत, तेथे विज्ञान, गणित, परकीय भाषा हे विषय योग्य रीतीने शिकविणे परवडणार नाही, असा त्यांचा निष्कर्ष होता. शंभर हा आकडा राज्याराज्यांतून प्रमाणासारखा फिरू लागला. आयोवाने १९६५ मध्ये कायदा करून राज्यातील प्रत्येक भूभाग बारा इयत्ता चालविणाऱ्या शाळा-जिल्ह्यात आणण्याचे ठरविले. पुढे शेतीची यंत्रे मोठी झाली, शेते मोठी झाली आणि शेतकरी थोडे झाले. १९८० नंतरच्या दशकात कर्जाखाली बुडालेल्या कुटुंबांनी गावे सोडली; दहा वर्षांत राज्याची लोकसंख्या जवळजवळ पाच टक्क्यांनी घटली.

आता आपल्या पाच गावांकडे वळू. बीमन, कॉनराड व लिस्कम यांचा एक शाळा-जिल्हा झाला होता, युनियन व व्हिटन यांचा दुसरा. यांपैकी युनियन-व्हिटनचे नाव एके काळी सबंध देशात गाजले होते. आयोवात मुलींचा बास्केटबॉल निराळ्या पद्धतीने खेळला जाई. एका संघात सहा मुली. तिघी अर्ध्या मैदानात राहून केवळ गोल करावयाच्या, उरलेल्या तिघी दुसऱ्या अर्ध्यात राहून केवळ बचाव करावयाच्या. १९६८ च्या राज्य अजिंक्यपदाच्या अंतिम सामन्यात युनियन-व्हिटनची गाठ एव्हर्ली या तशाच लहान गावाच्या शाळेशी पडली. वेळ संपली तेव्हा बरोबरी होती. जादा वेळात युनियन-व्हिटनने ११३-१०७ असा विजय मिळविला. त्यात डेनिस लाँग या व्हिटनच्या मुलीचे ६४ गुण होते; पराभूत एव्हर्लीच्या जेनेट ओल्सनचे तर ७६! पुढच्याच वर्षी सॅन फ्रान्सिस्कोच्या व्यावसायिक पुरुष संघाने डेनिस लाँगची निवड जाहीर केली. ती संघटनेच्या प्रमुखांनी रद्द ठरविली, तो भाग वेगळा. दोन खेड्यांच्या मिळून एका शाळेने हे घडविले होते. अशा शाळेला ‘तुमचा पट पुरेसा नाही’ हे पटवून देणे किती अवघड गेले असेल, याची कल्पना करावी.

तरीही १ जुलै १९९२ रोजी दोन्ही जिल्हे एक झाले. आयोवात विलीनीकरणाचा प्रस्ताव मतदारांपुढे ठेवावा लागतो, त्यांचा कौल घ्यावा लागतो. आणि ज्याचे मत घ्यावयाचे त्याला काही द्यावेही लागते. म्हणून हायस्कूल कॉनराडला असले तरी मधल्या इयत्तांची शाळा युनियनला आहे. नावाच्या बाबतीत कोणीच माघार घेतली नाही. पाचही अक्षरे राहिली. ते नाव उच्चारावयास अवघड आहे, ऐकणाऱ्याला काही बोध होत नाही, आणि शैक्षणिक गुणवत्तेशी त्याचा काडीचाही संबंध नाही. परंतु त्यातील शेवटचे अक्षर हे व्हिटनचे आहे, ते दीडशेच्या आतल्या वस्तीचे गाव आहे, हे तेथील प्रत्येक मूल जाणते. अंतराचेही बंधन आहे. आयोवाच्या नियमानुसार हायस्कुलातील मुलाचा मोटारीतील एका बाजूचा प्रवास सामान्यतः ७५ मिनिटांहून, आणि लहान मुलाचा ६० मिनिटांहून अधिक असू नये.

पण सर्वत्र असे विचारून झाले असे समजू नका. आयोवाच्या दक्षिणेला, मिसूरी राज्यापलीकडे, आर्कान्सा राज्य आहे. तेथे मिसिसिपी नदीच्या काठी लेक व्ह्यू नावाचे गाव आहे. १९३० नंतरच्या मंदीच्या काळात कृष्णवर्णीय शेतकऱ्यांना जमिनी देऊन सरकारने ही वसाहत वसविली. या गावाच्या शाळा-जिल्ह्याने १९९२ मध्ये, म्हणजे आयोवात ती पाच गावे एक झाली त्याच वर्षी, राज्यसरकारवर फिर्याद दाखल केली. तक्रार अशी की, राज्याची पैसे वाटण्याची पद्धत गरीब शाळांवर अन्याय करते. न्यायालयापुढे जी हकिकत आली ती वाचून मन विषण्ण होते. हायस्कुलातील सारे गणित एकच शिक्षक शिकवी. त्याच्यापाशी अध्यापनाचे प्रमाणपत्र नव्हते. बदली शिक्षक म्हणून त्याला वर्षाला दहा हजार डॉलर मिळत. उरलेली तोंडमिळवणी करण्यासाठी तो शाळेची मोटार चालवून आणखी पाच हजार मिळवी. भूमितीच्या वर्गाला कंपास नव्हते, फळा एकच होता, छपाईचे यंत्र बंद होते.

नोव्हेंबर २००२ मध्ये राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला. ही शिक्षणव्यवस्था अपुरी आहे, विषम आहे, म्हणून घटनाबाह्य आहे, असे न्यायालयाने सांगितले. लेक व्ह्यूचा विजय झाला. सरकारने शाळांसाठी पैसा वाढविला, हे मान्य केले पाहिजे. पण त्याचबरोबर असा कायदाही केला की, ज्या शाळा-जिल्ह्याचा पट लागोपाठ दोन वर्षे ३५० च्या खाली राहील त्याने दुसऱ्यात विलीन व्हावे. येथे गावकऱ्यांच्या कौलाचा प्रश्नच नव्हता. राज्यातील पन्नासहून अधिक शाळा-जिल्हे या कायद्याने गेले, आणि त्यांत फिर्यादी लेक व्ह्यूही होता. १ जुलै २००४ रोजी तो शेजारच्या बार्टन-लेक्सा जिल्ह्यात विलीन झाला. एकत्रित जिल्ह्याच्या नावात बार्टन आहे, लेक्सा आहे; लेक व्ह्यू नाही.

गणिताच्या त्या शिक्षकाची स्थिती पाहिली तर विलीनीकरणाला सरसकट विरोध करणे मला शक्य होत नाही. पटाच्या आकड्यामागे काही तथ्य आहेच. परंतु आकडा एकच असता कॉनराडला एक घडले आणि लेक व्ह्यूला दुसरे, याचे कारण आकड्यात सापडत नाही.

आपल्या शिक्षणहक्क कायद्याच्या नमुना नियमांत पाचवीपर्यंतची शाळा एक किलोमीटरच्या आत आणि आठवीपर्यंतची तीन किलोमीटरच्या आत असावी, असे म्हटले आहे. महाराष्ट्रातील समूह शाळेसाठी पानशेत आणि तोरणमाळ ही दोन उदाहरणे पुढे ठेवण्यात आली. दोन्ही जागा डोंगराळ आहेत. तोरणमाळ तर सातपुड्याच्या माथ्यावर आहे. अशा ठिकाणी मोटार किती वाजता निघते, आषाढात ती कोठवर येते, ती न आली त्या दिवशी मुलगी चालत जाते की घरी राहते, आणि सलग आठ दिवस घरी राहिली तर पुन्हा जाते की नाही, हे प्रत्येक पाड्यावर जाऊन, आईबापांना विचारून, नोंदवून ठेवण्याचे काम आहे. ते ग्रामसभेत व्हावे, शाळा बंद होण्यापूर्वी व्हावे, आणि ती नोंद गावात कोणालाही वाचता येईल अशी भिंतीवर लावावी.